रंग संपला तिथे

"सहा लिटर," अण्णा पुन्हा म्हणाले आणि खाटेवर मांडी बदलून बसले.

बिभीषणने हातातली मोजपट्टी सर्रकन मिटवली. परंड्यातल्या निम्म्या घरांना रंग दिलेला हा माणूस, पण आता त्याने दैवशालाकडे असं पाहिलं की, ताई, तुमच्या वडलांना तुम्हीच सांगा.

"अण्णा, सहात न्हाय भागायचं," तो म्हणाला. "मधली खोली, बोळ, सैपाकघर. खाली छातीइतका ऑईलपेंटचा पट्टा. दारं-खिडक्या वजा केल्या म्या. दोन हात द्यायचे म्हणल्यावर नऊ तरी पायजेत. त्यात सैपाकघराला ऑईलपेंट कधी लागलाच न्हाय. कोरी भिंत लई पिती."

"पिऊ दे की."

"पिऊ दे म्हंजी? म्या काय रंगात पाणी घालू का?"

दैवशालाच्या हातातल्या फोनमधून धनाजी बोलला. तिचा हा धाकटा भाऊ पुण्याला एका कारखान्यात होता. सकाळपासून तिने एकेका भिंतीची लांबी-उंची त्याला कळवली होती.

"अक्का, इथं सगळे आकडे टाकले मी. साडेआठ येतंय. नऊच घ्या सरळ."

"घ्या! फोन बी तेच म्हणायलाय," बिभीषण खूश झाला.

"फोनला काय कळतंय," अण्णा म्हणाले. "त्येनं कधी आपली भिंत बघितलीय? सहा म्हंजी सहा."

आणि ते उठून अंगणात गेले. नळाची तोटी घट्ट बंद आहे का, हे पाहायला. ती बंदच होती.

भागवतराव, म्हणजे अण्णा, नगरपालिकेच्या पाणीपुरवठ्यात नोकरीला होते. गावाला पाणी सोडायचं काम. टाकीच्या खाली उभं राहून पाइपावर मूठ आपटायची, कान लावायचा, आणि पाणी कुठवर आलं आहे ते सांगायचं. वर चढून पाहणाऱ्याला काठी टाकून तेवढंच सापडे. त्यामुळे कुणाच्या हौदात किती टँकर बसतील, मांडवाच्या जेवणाला किती पिंपं लागतील, हे गाव त्यांनाच विचारत असे. हा अंदाज आयुष्यात एकदाच चुकला, तोही स्वतःच्या घरात. धनाजीच्या लग्नाच्या वेळी त्यांनी रंगाऱ्याला न विचारता रंग आणला आणि स्वतःच ब्रश धरला. मधली खोली झाली, बोळ होत आला, आणि स्वयंपाकघराचं दार समोर दिसत असताना डबा संपला. दुसऱ्या दिवशी हळद. दुकानात त्या छटेचा आकाशी रंग नव्हता. बोळाच्या दोन्ही भिंतींवर, दाराच्या अलीकडे, रंग जिथे संपला तिथे थांबला. पुढे नुसता खरबरीत गिलावा आणि त्यावर डिस्टेंपर.

आईने हळदीच्या मांडवात सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हटलं होतं, "गावाची टाकी मोजतेत आन् घरची भिंत मोजता यीना."

"भिंतच लई पिली," अण्णा म्हणाले होते.

"भिंत पिली व्हय? बरं, बरं. भिंतीचं नाव पुढं करा."

हा संवाद मग घरात वर्षानुवर्षं चालला. भाजीत पाणी जास्त झालं तरी भिंत पिली, एसटी चुकली तरी भिंत पिली.

आता आईला जाऊन वर्ष झालं होतं. मागच्या भाद्रपदात ती गेली, आणि घरात सुतक म्हणून नवरात्रात घट बसले नाहीत. देवघरात नुसता दिवा होता. यंदा वर्षश्राद्ध झालं, आता घट बसवायचे होते, आणि त्याआधी दसरा काढायचा होता, म्हणजे घरातलं झाडून सगळं धुवायचं, भिंती उजळायच्या. दैवशाला तुळजापूरच्या कॉलेजात ग्रंथपाल होती. रजा टाकून ती आली होती ती एक गोष्ट मनाशी पक्की करूनच. आईच्या मागे बसणारा पहिला घट अर्ध्या रंगाच्या घरात बसणार नाही. स्वयंपाकघरात आईने जन्म काढला, आणि नेमकं तेच रंगावाचून राहिलं. ते आता तरी पुरं व्हावं. दुःखाबद्दल तिने पुष्कळ वाचलं होतं, आणि या वर्षात त्यातलं फारसं काही हाताशी आलं नव्हतं. भिंत रंगवणं हे निदान करता येण्यासारखं होतं.

अण्णांचा सहाचा हट्ट तिला कळेना. चिक्कू तर ते नव्हते. मग वयाने अंदाज गेला असेल का? या विचाराने ती आपली आपणच घाबरली.

दुसऱ्या दिवशी सकाळी अण्णा दाढी करायला गेले तेव्हा ती पेठेत गेली आणि नऊ लिटर घेऊन आली.

अण्णा परत आले तर बोळात डबे मांडलेले. त्यांनी ते मोजले नाहीत. मोजायची त्यांना गरज नव्हती.

"आणलंस व्हय?"

"नऊ आणलं, अण्णा. उरलं तर उरलं. पण या वेळी कमी नको पडायला."

"हं."

त्यांनी खाली वाकून एका डब्याच्या झाकणावर तळहात ठेवला, जसा तापलेल्या पोराच्या कपाळावर ठेवतात तसा. मग टोपी खुंटीला न लावता तशीच डोक्यावर ठेवून ते बाहेर ओट्यावर जाऊन बसले. दैवशालाला वाटलं, ते चिडले असते तर बरं झालं असतं.

दुपारी गजराबाई आली. झेडपीच्या शाळेत आई आणि ती दोघी मिळून पोरांची खिचडी शिजवायच्या. चुलीचा धूर, मोठाली पातेली, आणि पोरांना दटावणं हा दोघींचा सारखाच संसार होता. गोधड्या धुवायला मदत करायची म्हणून ती आली, पण आधी चहा मागितला.

"तुझी आय असती तर इच्यारलं बी नसतं, कपच म्होरं आला असता."

"आई चहात साखर किती घालायची, मावशी? माझा तसा होत नाही."

"मूठ घालायची. दिसत कुठं व्हतं तिला शेवटी शेवटी? पर एकदा बी खिचडीत मीठ चुकलं न्हाय. वासावर कळायचं."

आईला काचबिंदू होता. तो कळला तेव्हा फार उशीर झाला होता. सोलापूरच्या डॉक्टरांनी सांगितलं, गेलेली नजर येणार नाही, उरलेली जपा. ती उरलेलीही हळूहळू गेली. पण घरात ती अशी वावरायची की पाहुण्याला पत्ता लागत नसे. हात धरायला गेलं की झिडकारायची, "मला काय सप्तपदीला न्यायलाव का?" दैवशालाने पांढरी काठी आणून दिली, ती तिने परसात घोसाळ्याच्या वेलाला आधार म्हणून रोवली. घर मला पाठ आहे, एवढंच म्हणायची. आपणही कविता पाठ करतो, तसंच असेल, असं दैवशालाने मानून घेतलं होतं.

बोळाच्या टोकाला बिभीषण उकिडवा बसून लांबी, म्हणजे भिंतीत भरायची पुट्टी, कालवत होता. स्वयंपाकघराच्या दाराजवळची खरबरीत भिंत आधी लांबी भरून गुळगुळीत करायची, मग त्यावर रंग. त्याने पत्र्यावर लांबीचा गोळा घेतला.

गजराबाई चहाचा कप घेऊन बोळात आली आणि जागीच थांबली.

"ए बाबा! काय करायलास?"

"लांबी भरायलोय, मावशी."

"हितं? कुणी सांगितलं?"

"मी सांगितलं," दैवशाला म्हणाली. "या वेळी सगळं एकसारखं करायचंय."

गजराबाईने कप खाली ठेवला. ती बोलायला लागली तेव्हा तिचा नेहमीचा चढा आवाज नव्हता.

"तुला ठावं न्हाय व्हय गं?"

"काय?"

"डोळं झाक."

"मावशी, काहीतरीच."

"झाक म्हणते ना. तितं खोलीच्या दाराशी हुबी ऱ्हा. उजवा हात भिंतीला लाव. आता चाल. बघू नगंस."

दैवशालाने डोळे मिटले. हाताखाली ऑईलपेंट गार लागत होता, तेलकट, सपाट. ती चालू लागली. बोटं घसरत होती आणि पाय मागून येत होते. बोळ इतका लांब कधी वाटला नव्हता. आपण आता कशावर तरी आदळणार, या भीतीने तिचा दुसरा हात पुढे झाला. आणि तेवढ्यात बोटांखालची भिंत एकदम खरबरीत झाली. वाळूचे कण लागले. बोटं आपोआप थांबली, आणि बोटं थांबली म्हणून ती थांबली.

"आता एक पाऊल टाक आन् खाली उतर," गजराबाई म्हणाली.

स्वयंपाकघराची जमीन बोळापेक्षा वीतभर खाली होती. दैवशालाचा पाय उंबऱ्यावरून अलगद खाली उतरला, बरोबर जिथे उतरायला हवा होता तिथे. तिने डोळे उघडले नाहीत. समोर स्वयंपाकाचा ओटा असणार, डावीकडे देवघर. हे सगळं आईच्या जागेवरून तिला दिसत होतं.

"रोज अशीच यायची," मागून गजराबाईचा आवाज आला. "एका हातात ताटली, दुसरा हात भिंतीला. रंग सपला की उतरायचं. तुझ्या अण्णानं एकदा डबा आणला व्हता, ऱ्हायलेलं पुरं करतो म्हणून. तिनं हातातला ब्रश काढून घेतला. म्हणली, तुमची चूक दिसू द्या गावाला, लई शाणे समजताव सोताला. म्या व्हते तितं. हे हसलं आन् ठिवून दिला डबा. त्येंला वाटलं, टोमणा हाय."

"त्यांना कळलं कधी?"

"काय की. न्हाय सांगितलं त्येंनी. पर नंतर नंतर ती बोळात चालाया लागली की हे बोलायचं थांबायचे. मोजू द्यायचे तिला."

दैवशाला वळली. बाहेरच्या ओट्यावरून अण्णा आत आलेले होते. बोळाच्या त्या टोकाला, दारातल्या उजेडाकडे पाठ करून उभे. त्यांनी किती ऐकलं ते कळत नव्हतं.

बिभीषणच्या हातातली लांबी पत्र्यावर सुकत चालली होती.

"ताई, काय करू? घट्ट व्हायली ही."

"खोलीत भोकं असतील ना, खिळ्यांची?"

"हाईत की."

"तिथे भरा ती. इथे नको. रंग आधी होता तिथवरच आणा."

"आन् सैपाकघर?"

"डिस्टेंपर द्या. पहिल्यासारखा."

"मग तीन लिटर उरंल की."

"उरू द्या, दादा," ती म्हणाली. "माझा अंदाज चुकला."

बिभीषणने एकदा तिच्याकडे, एकदा अण्णांकडे पाहिलं आणि पत्रा उचलला. गजराबाईने खाली ठेवलेला चहा घेतला. तो निवला होता, तरी तिने तो प्यायला.

"बापाचीच लेक हाय," ती म्हणाली. "दोघांला बी भिंत मोजता यीना."

अण्णांनी डोक्यावरची टोपी काढली आणि खुंटीला लावली.

घटस्थापनेच्या दिवशी घराला नव्या रंगाचा वास होता. खोलीतला आणि बोळातला आकाशी रंग चकचकत होता आणि दाराच्या अलीकडे, जुन्याच जागी, तो संपत होता. बिभीषणने तिथे कागदाची पट्टी लावून रेघ सरळ काढली होती. धनाजीने फोनवर फोटो पाहून विचारलं, "अक्का, पुन्हा कमी पडला का रंग?"

"भिंतच लई पिली," दैवशाला म्हणाली. फोनच्या पलीकडे तो हसू लागला.

अण्णा पहाटेच शेताकडे जाऊन घटासाठी काळी माती घेऊन आले. मातीने भरलेली पाटी दोन्ही हातांनी पोटाशी धरून ते बोळातून देवघराकडे निघाले. दैवशाला स्वयंपाकघरात पत्रावळीवर पाच धान्यं मिसळत होती. तिने वर पाहिलं. बोळात दिवा लावलेला होता, सकाळचा उजेडही होता. सगळं स्वच्छ दिसत होतं.

हात मोकळे नव्हते, म्हणून अण्णा भिंतीला खेटून चालत होते. उघडा कोपर नव्या रंगावरून घसरत येत होता. रंग संपला तिथे ते थांबले. मग एक पाऊल टाकलं, आणि खाली उतरले.