आक्काबाईंनी विसळलेली बाटली

मित्रांनो, मी एक जुनी काचेची बाटली आहे. लोणच्याची नव्हे, अत्तराची नव्हे आणि शोभेची तर मुळीच नव्हे. गावाचं पाणी पिण्याजोगं आहे की नाही, हे तपासण्यासाठी त्याचा नमुना पोटात घालून प्रयोगशाळेत जाणं, हे माझं काम. माझ्या तोंडाचा टवका उडाला आहे, अंगावरचा आकडा पुसट झाला आहे. पण मी अजून कुणाला भ्यायलेली नाही, हे आधीच सांगून ठेवते.

कारखान्याच्या भट्टीतून बाहेर पडल्यावर माझ्या मैत्रिणी सरबताच्या दुकानांत गेल्या. त्यांचा थाट काय विचारता! मी आले पुण्याच्या एका प्रयोगशाळेत. इथं प्रत्येक फेरीआधी मला कडक वाफेत शेकतात, तळाशी चिमूटभर औषध घालतात आणि झाकणावर कागद ठेवून सुतळीनं बांधतात. म्हणून मला भरण्याआधी विसळायचं नसतं. तसं माझ्या चिठ्ठीवर स्पष्ट लिहिलेलं असतं. पण आपल्याकडे भांडं विसळल्याशिवाय भरायचं म्हणजे केवढा गुन्हा! चिठ्ठी वाचतो कोण?

वेल्ह्याकडे माझा सोबती म्हणजे आरोग्य सेवक सोमनाथ. मला बर्फाच्या डब्यात ठेवून तो मार्गासनी, विंझर करत एसटीनं हिंडायचा. साथ आली की लोक आमची वाट बघायचे. साथ ओसरली की मी महिनोन् महिने कपाटात धूळ खात पडायची. त्याचं मला फार वाईट वाटत नाही. राग येतो तो वेगळ्याच गोष्टीचा, आणि तीच आज सांगायची आहे.

विंझरच्या वरच्या अंगाला डोंगरात मेंढपाळांची एक वस्ती आहे. सगळ्या वस्तीला मिळून एकच विहीर. दोन वर्षांपूर्वी रायबा नावाच्या ग्रामपंचायत सदस्यानं त्या विहिरीच्या वरच्या उतारावर पर्यटकांसाठी तंबू ठोकले, आणि त्यांच्या संडासाचा खड्डा विहिरीपासून चाळीस पावलांवर खणला. तेव्हापासून वस्तीतल्या पोरांची पोटं बिघडू लागली. नऊ वर्षांची शिवानी तर जुलाबांनी इतकी गळाली की तिला सलाईन लावावी लागली. तिची आई मोहिनी ही वस्तीची जलसुरक्षक होती. विहिरीत पावडर टाकणं, पाण्यावर लक्ष ठेवणं तिच्याकडे. ती रायबाला सरळ म्हणाली, "दादा, तुमचा खड्डा हितनं हलवा."

रायबा हसला. "आदी कागद आण. पानी खराब निगालं, तर मीच बुजवतो खड्डा."

म्हणून माझी स्वारी वस्तीवर गेली. सोमनाथनं विहिरीचं पाणी माझ्यात भरलं आणि मला मोहिनीच्या ओसरीवर सावलीत ठेवलं. मग तो आणि मोहिनी खाली गावातल्या शाळेचा नळ बघायला गेले. तेवढ्यात मोहिनीच्या सासूबाई, आक्काबाई, बाहेर आल्या. त्यांनी मला उजेडात धरलं. आत पाणी गढूळ, वर एक पानाचा तुकडा तरंगतोय. म्हातारीचा जीव कासावीस झाला. दारात आलेल्या वाटसरूलाही ज्या बाईनं कधी न गाळलेलं पाणी दिलं नाही, तिच्या ओसरीवरून असलं पाणी थेट पुण्याच्या साहेबांकडे जायचं?

त्यांनी मला ओतलं, चुलीच्या राखेनं घासलं, आजारपणापासून शिवानीसाठी उकळून गाळून ठेवत असलेल्या पाण्यानं तीनदा विसळलं आणि तेच पाणी माझ्यात काठोकाठ भरलं. सुतळीही जशीच्या तशी बांधली. मी ओरडत होते, पण काचेचं कोण ऐकतो?

चार दिवसांनी ग्रामसभेत रायबानं कागद वाचला, "पिण्यास योग्य!" मग तो मोहिनीकडे वळला. "आता बोल की. आमच्या धंद्यावर चिखल उडवतीस व्हय? असली जलसुरक्षक काढून टाका म्हंतो मी."

सोमनाथच्या डब्यात, दुसऱ्या गावाच्या नमुन्यासाठी पुन्हा शेकून बांधलेली अशी, मी बसले होते. मित्रांनो, आयुष्यात पहिल्यांदा मी खोटी साक्ष दिली होती. माझ्या पोटातल्या स्वच्छ पाण्यानं आजारी पोरांना खोटं पाडलं होतं. त्या क्षणी फुटून जावं असं वाटलं. पण फुटून चालणार नव्हतं.

मोहिनी खाली मान घालून उभी होती. आणि मागच्या रांगेतून आक्काबाई उठल्या.

"तिला काय बोलू नका. ती बाटली म्या भरली. माज्या घरचं उकाळल्यालं पानी हाय त्ये."

सोमनाथनं कपाळाला हात लावला. "आक्का, आवो असं का केलं?"

"लाज वाटली, डाक्टर. असलं पानी पुन्याला कसं धाडू? पर नातीनं त्येच पेलं, तवा मला लाज वाटली न्हाई. चुकलं माजं. आत्ता परत भरा, समद्यांच्या म्होरं."

रायबा उसळला, "सारखं सारखं काय नमुने? एकदा झालं की झालं!"

मोहिनीनं मान वर केली. "दादा, कागद तुमीच मागितला व्हता. आता भिताय कशाला?"

सोमनाथनं डबा उघडला आणि मला बाहेर काढलं. अख्खी सभा उठून विहिरीवर गेली. मोहिनीनं पोहरा सोडला, सोमनाथनं मला भरलं. गढूळ तर गढूळ, पानाच्या तुकड्यासकट! आक्काबाईंनी हात मागं बांधून घेतले होते, पुन्हा मोह नको म्हणून. दुधाच्या टेम्पोत बर्फावर बसून मी त्याच दिवशी पुण्याला पोहोचले. इतक्या घाण पाण्यानं भरलेली असूनही इतक्या ताठ मानेनं मी कधी गेले नव्हते.

कागद आला, तो शिवानीनं चावडीवर वाचला. आक्काबाईंना वाचता येत नाही. त्यांनी नातीकडून ते दोन शब्द पुन्हा वाचून घेतले, "पिण्यास अयोग्य." मग रायबाकडे बघून त्या मोठ्यानं म्हणाल्या, "आमचं पानी वंगाळ हाय. लई वंगाळ हाय. आन ते तुमच्या खड्ड्यानं केलंय. बुजवा."

रायबानं बरीच कारणं काढली. पण रोज सकाळी वस्तीतल्या बाया रिकामे हंडे घेऊन त्याच्या तंबूंसमोर बसू लागल्या. पर्यटक विचारायचे, बाया सांगायच्या. आठव्या दिवशी रायबानं खड्डा उपसला, बुजवला आणि विहिरीच्या खालच्या अंगाला दूर नवा खणला. विहीरही उपसली. त्यानंतर मी तिथं तीनदा गेले, तेव्हा कुठं "योग्य" असा शेरा मिळाला. तो खरा होता.

आता टवक्यामुळे मला मोडीत काढायची चर्चा आहे. काढोत. माझ्यामागून दुसऱ्या बाटल्या तुमच्या गावी येतील. तेव्हा मित्रांनो, त्यांना नटवून पाठवू नका. तुमच्या घरातल्या लेकराच्या पेल्यात जे पडतं, तेच त्यांच्यात भरा. ते बघून लाज वाटली तर खुशाल वाटू द्या. फक्त ती पदराखाली झाकू नका, उचला आणि ज्यानं पाणी नासवलं त्याच्या दारात नेऊन ठेवा. ती त्याची आहे.