पिवळा पडणारा लेप

त्या गुरुवारी सभागृहात मुंगीला शिरायलाही वाट उरली नव्हती. जिन्यावर माणसे, खिडक्यांच्या कठड्यांवर माणसे. आणि या जनसमुदायाच्या मध्यभागी, शुभ्र चादरीने मढवलेल्या आसनावर कांतीबाबा विराजमान झाले होते. त्यांच्या शेजारी एक प्रौढ शिक्षिका संकोचाने उभी होती. तीन महिन्यांपूर्वी तिच्या कपाळावर स्पष्ट दिसणाऱ्या रेषा आता पुसट झाल्या होत्या, गालांवर मृदू तकाकी आली होती. आणि हे खोटे नव्हते.

"बघा, डोळे भरून बघा!" बाबा गरजले. "साप कात टाकतो, तसं या माउलीनं पाप टाकलं! आधी चेहरा सोलवटला, आग झाली. ती आग कसली? पापाची चिता पेटली होती चिता! आणि लेप रात्रीच का लावायचा? सूर्याला आपल्याहून तेजस्वी कोणी खपत नाही, म्हणून!"

शेवटच्या रांगेत बसलेल्या घड्याळजींना हसू आवरेना. ज्याच्या प्रकाशावर अवघे विश्व चालते, त्या सूर्याने शाळेतल्या बाईंच्या गालांवर जळावे, ही कल्पना त्यांना भारीच गमतीची वाटली. शेजारी बसलेल्या पत्नीने त्यांना कोपराने ढोसले.

"अहो, हसताय काय? लोक बघतायत."

"लोक बाबांकडे बघतायत गं. माझ्याकडे कोण बघतंय?"

परंतु पुढे जे घडले, त्याने त्यांचे हसू मावळले. बाबांचा लेप पारदर्शक काचेच्या छोट्या बरण्यांतून दिला जाई, आणि त्याची एक कसोटी होती: बाळगणाऱ्याचे मन निर्मळ असेल तर लेप शुभ्र राहतो, मलिन असेल तर पिवळा पडतो. पत्नीने पुढे जाऊन पिशवीतून दोन बरण्या काढून बाबांपुढे ठेवल्या. तिची स्वतःची दुधासारखी पांढरी होती; सुनेची मात्र जुन्या कागदासारखी पिवळी पडली होती.

बाबांनी डोळे मिटले. "सून गरोदर आहे ना?"

"हो बाबा. तिसरा महिना चालू आहे."

"मग तिच्या मनातला मळ बाळावर उतरणार. पुढच्या गुरुवारपासून एकवीस रात्री तिनं तिप्पट लेप लावायचा. जितकं सोलेल, तितकं पाप गळेल."

घरी परतल्यावर सुनेने हे ऐकले आणि हातातला पेला खाली ठेवला. तिच्या हनुवटीवर आधीच लाल चट्टे उठले होते, नाकाच्या कडेची त्वचा सालपटासारखी सुटत होती.

"आई, माझ्या मनात काय मळ असणार?"

"ते मी कसं सांगू सूनबाई? लेप सांगतोय." सासूबाई स्वभावाने दुष्ट नव्हत्या, त्यांना नातवंडाची काळजी होती, आणि काळजीला कान असतात, डोळे नसतात.

दुसऱ्याच दिवशी घड्याळजी सुनेला घेऊन त्वचारोगांच्या डॉक्टरीणबाईंकडे गेले. बाईंनी हनुवटी पाहिली, बरणीतला लेप बोटावर घासून पाहिला आणि सगळी हकिकत ऐकून त्या म्हणाल्या, "रात्री लावायचा, उन्हात जपायचं, सालं निघतात, पिवळाही पडतो. मला रेटिनॉल वाटतंय. अ-जीवनसत्त्वाचा प्रकार, उजेडात बिघडणारा. प्रयोगशाळेत माझी मैत्रीण आहे, खात्री करून घेते. पण त्यासाठी थांबायचं कारण नाही. हे आजपासून बंद."

"बाळाला काही…?" सुनेने पोटावर हात ठेवत विचारले.

"घाबरू नकोस. त्वचेतून रक्तात जातं ते अगदी थोडं. पण गरोदरपणात हे मुळीच वापरायचं नाही, असा आमचा नियम आहे. तुझ्या प्रसूतीच्या डॉक्टरांना मात्र सगळं सांग."

सुनेचा जीव भांड्यात पडला. पण घरी येता येता पुन्हा वर आला. "अप्पा," ती सासऱ्यांना म्हणाली, "डॉक्टर म्हणतात लावू नको. बाबा म्हणतात लावलं नाही तर बाळाला बाधेल. आणि उद्या काही झालं, तर आई आयुष्यभर म्हणतील, हिच्या मनाचा मळ. मी काय करू?"

घड्याळजींनी तिच्या हातातली बरणी घेऊन उजेडात धरली. चाळीस वर्षे त्यांनी डोळ्याला भिंग लावून बंद पडलेली घड्याळे चालू केली होती, आणि त्यांचा एकच दंडक होता: एका वेळी एकच चाक बदलायचे. दोन चाके एकदम बदलली आणि घड्याळ चालू झाले, तर दोष कोणाचा होता हे ब्रह्मदेवालाही सांगता येत नाही.

"बाळ, तू बरणी ठेवतेस कुठे?"

"खिडकीत. आमच्या खोलीत दुसरी फळीच नाही. झाकणही धड बसत नाही त्याचं."

"आणि आमच्या सौभाग्यवती?"

"आई तर रेशमी कापडात गुंडाळून कपाटात ठेवतात. देवाची वस्तू म्हणून."

घड्याळजींच्या मिशीखाली पुन्हा हसू उमटले. "पुढच्या गुरुवारपर्यंत बोटही लावू नकोस. तोवर मी एकच चाक फिरवून बघतो."

त्याच संध्याकाळी ते महिला मंडळाच्या अध्यक्षीणबाईंना साक्षीदार म्हणून सोबत घेऊन बाबांच्या दर्शनाला गेले आणि हात जोडून म्हणाले, "बाबा, आपण स्वतः लावता त्याच डब्यातला लेप, आपल्याच हातानं या दोन बरण्यांत भरून द्या. आमच्या दुकानाला आपल्या तेजाचा आधार हवा."

बाबांना स्तुतीची चटक होती. त्यांनी दोन्ही बरण्या काठोकाठ भरल्या, "हे माझ्या शुद्ध चित्ताचं प्रतीक" असा आशीर्वादही दिला. अध्यक्षीणबाईंनी दोन्ही झाकणांवर कागदी पट्टी चिकटवून सही केली.

एक बरणी दुकानाच्या दर्शनी काचेत गेली, जिथे सकाळपासून दुपारपर्यंत ऊन पडे. दुसरी त्याच दुकानाच्या काळोख्या खणात. मालक तोच, लेप तोच, हवा तीच, दुकानातले पापपुण्यही तेच. वेगळा होता तो केवळ प्रकाश. खाली पाटी लावली: 'कांतीबाबांच्या शुद्ध चित्ताचे प्रतीक. कृपया दर्शन घ्यावे.'

आठवडाभर रस्त्याला करमणूक झाली. रविवारी दूधवाला काचेला नाक लावून म्हणाला, "घड्याळजी, बाबा जरा पिवळसर दिसतायत." सोमवारी शिंप्याने निदान केले, "कावीळ आहे." बुधवारी शाळेतली मुले रांगेने येऊन बाबांच्या चित्ताचे दर्शन घेऊन गेली. सासूबाई रोज त्या दुकानावरून जात. पहिले दोन दिवस त्यांनी पाटीला हात जोडले. तिसऱ्या दिवशी त्या थबकल्या. चौथ्या दिवशी घरी आल्यावर त्यांनी आपल्या बरणीतला थोडा लेप बशीत घेतला आणि कोणालाही न सांगता खिडकीत ठेवला.

गुरुवारी सभागृहात घड्याळजींनी पिवळी बरणी बाबांपुढे ठेवली, तेव्हा अध्यक्षीणबाईंची सही शाबूत होती. कुजबुज सुरू झाली. बाबा मात्र क्षणभरही डगमगले नाहीत.

"तुझ्या दुकानात पाप आहे, घड्याळ्या! गिऱ्हाइकांच्या वेळा चुकवतोस!"

"असेल बाबा. पण मग हिचं काय?" घड्याळजींनी खिशातून दुसरी बरणी काढली. ती लोण्यासारखी पांढरी होती. "त्याच दुकानातली, अंधाऱ्या खणातली. माझं पाप खणात शिरायला विसरलं वाटतं?"

सभागृहात हशा पिकला. मग घड्याळजींबरोबर आलेल्या डॉक्टरीणबाई उठल्या. प्रयोगशाळेचा अहवाल त्यांच्या हाती आला होता: साध्या मलमात मिसळलेले रेटिनॉल, आणि तेही भरपूर प्रमाणात.

"हे द्रव्य उजेडानं आणि हवेनं बिघडतं, पिवळं पडतं," त्या म्हणाल्या. "म्हणूनच चांगल्या कंपन्या ते अपारदर्शक नळीत भरतात. बाबांनी मुद्दाम काचेच्या बरण्या निवडल्या. ज्यानं खिडकीत ठेवली तो पापी, ज्यानं कपाटात ठेवली तो पुण्यवान!"

"खोटं! हा लेप मी अभिमंत्रित केलाय!" बाबा ओरडले.

"मग बरणीवर औषधाचं नाव नाही, प्रमाण नाही, कोणी वापरू नये तेही नाही. असं का?"

तेवढ्यात मागून एक आवाज आला. तो सासूबाईंचा होता. त्या पुढे आल्या. हातात पिवळ्या लेपाची बशी होती.

"ही माझी. माझं मन दोन दिवसांत मळलं काय हो? गरोदर पोरीला तिप्पट लावायला सांगताना तुम्हाला एकदाही विचारावंसं वाटलं नाही, की हे तिला चालेल का?"

बाबांनी पाण्याचा पेला शोधण्याच्या निमित्ताने उठून मागचा दरवाजा गाठला; परंतु तिथे अध्यक्षीणबाई पोलिसांना घेऊन उभ्या होत्या.

"पण डॉक्टरीणबाई," शिक्षिकेने आपल्या गालाला हात लावत भीत भीत विचारले, "माझ्या रेषा तर खरंच गेल्या हो."

"जाणारच! औषध खरं आहे, बाई. खोटी आहे ती त्याची पोथी. माहितीतल्या दुकानातून घ्या, कमी प्रमाणाचं घ्या. वाटाण्याएवढं पुरे सगळ्या चेहऱ्याला. आधी आठवड्यातून दोनच रात्री, कोरड्या त्वचेवर, डोळ्यांच्या आणि ओठांच्या कडा सोडून. वर साधं मॉइश्चरायझर. सकाळी सनस्क्रीन विसरलात तर रात्रीची मेहनत पाण्यात. आणि आग होऊन चेहरा सोलायला लागला, तर ते पाप निघत नसतं, त्वचा 'थांब' म्हणत असते. तिचं ऐका."

"आणि गरोदर असेल तर?" कोणीतरी विचारले.

"तर नळी कपाटात, आणि कपाटाला कुलूप," सासूबाईच उत्तरल्या.

डॉक्टरीणबाई हसल्या. "आणि बाळाचा विचार असेल, तर आधी आम्हाला विचारा."

घड्याळजींना भाषण करण्याची सवय नव्हती. तरीही लोकांनी त्यांना उभे केले. ते सावकाश म्हणाले, "बाबा फसवत होते हे खरं. पण आपणही एक चूक केली. अंगाला लावायची वस्तू घेतली आणि तिचं नाव विचारलं नाही. भाजी घेताना चार वेळा पारखून घेतो, आणि चेहरा मात्र डोळे मिटून देतो. विचारण्यानं श्रद्धा बाटत नाही. जे खरं असतं, ते प्रश्नाला भीत नाही. भितं ते खोटंच. चमत्कार दिसला तर नमस्कार जरूर करा, पण त्याआधी एकच चाक फिरवून बघा."

सभा पांगली. सुनेच्या हनुवटीवरचे चट्टे अद्याप लाल होते. सासूबाई तिच्यासमोर येऊन उभ्या राहिल्या.

"सूनबाई, मळ माझ्याच…"

"आई, पुन्हा मळ नको बाई!" सून हसत म्हणाली आणि जिना उतरताना तिने सासूबाईंचा हात घट्ट धरला.