कॉलरमधली पट्टी

करड्या लष्करी कोटाच्या कॉलरच्या आत कापडी पट्टी शिवलेली होती: आ. ट्राउटमान. धुऊन धुऊन शाई फिकी पडलेली, तरी नट आल्बिन ट्राउटमानला ती दारातूनच ओळखू आली. पॉट्सडामच्या स्टुडिओतल्या त्या कपडेपटात बावीस वर्षं हा कोट त्याच्याच नावानं टांगलेला. तो घालून त्यानं पडद्यावर माणसं पकडून नेली, आणि शेवटाआधी गोळी खाऊन मेलाही.

पण आज तो नव्या भूमिकेसाठी, चर्चच्या पाळकाचा काळा झगा अंगाला लावून बघायला आला होता.

"झगा कुठाय, गेर्लिंडेबाई?"

कपडेपटाच्या गेर्लिंडेबाई तोंडातल्या टाचण्या काढत म्हणाल्या, "मला नका विचारू. तो निर्माता सकाळपासून कॉफी पितोय आणि तुम्हाला टाळतोय."

तेवढ्यात तो कप हातात घेऊन आत आलाच. निर्माता फाबियान तिशीचा. धंद्याच्या रीतीनं सगळ्यांशी अरे-तुरेत बोलायचा.

"आल्बिन, चिडू नकोस. पाळकाचं काम त्या पोलीस मालिकेतल्या इन्स्पेक्टरला दिलंय. वाहिनीला ओळखीचा चेहरा हवा होता."

"माझा चेहरा तीस वर्षं ओळखीचा आहे."

"तोच घोटाळा आहे ना. तू आशीर्वादाला हात उचललास तर लोक सोफ्यामागं लपतील. तुला याहून झकास प्रवेश ठेवलाय. पाळकाला अटक तूच करतोस."

आल्बिनचे आजोबा, आईचे वडील, त्स्विकाऊजवळच्या खेड्यात पाळक होते. हिटलरच्या काळात असलेच कोट घातलेली माणसं भर उपासनेतून त्यांना घेऊन गेली; ते परतले नाहीत. आल्बिनच्या आईनं मुलाचं एकही काम आजवर पाहिलं नव्हतं. तो कोट तिला बघवत नसे. गेल्या रविवारीच तो वृद्धाश्रमात तिला सांगून आला होता, "या वेळी पाळक आहे, आई. प्रवचन पाठ करतोय." ब्याण्णव वर्षांच्या त्या बाईनं त्याच दिवशी चष्म्याची काच बदलायला टाकली.

"कात्री द्या," तो म्हणाला.

गेर्लिंडेबाईंनी गळ्यातली काढून दिली. त्यानं पट्टीचा एकेक टाका उसवला.

"अरे, करार झालाय," फाबियान म्हणाला.

"पाळकाचा झालाय. तो पाळायचा तर झगा आण. हा कोट तू घाल. तुला माणूस हसत हसत पकडता येतो, शिकवावं लागणार नाही."

शिवणयंत्रं थांबली. कुणीतरी खोकल्याआड हसलं.

स्टेशनवरून त्यानं आईला फोन लावला. "टीव्हीची वाट बघू नकोस, आई. पुन्हा तोच कोट देत होते. सोडून आलो."

ती म्हणाली, "पाठ केलेलं प्रवचन कुठं गेलं? ते म्हण."

तो फलाटावर उभ्याउभ्या बोलू लागला. "उद्या माझ्या दारावर थाप पडेल. म्हणून आज मी दार लावून घेणार नाही..." पाठ करताना शांत बसवलेलं वाक्य न् वाक्य आता दात-ओठ खात बाहेर पडत होतं. बाकावरची माणसं बघू लागली. शेवटाला त्याचा आवाज फाटला.

"बिघडलं सगळं. पाळक असा चिडून बोलत नाही," तो म्हणाला.

"तू ऐकलंयस का माझ्या वडलांना?" आई म्हणाली. "शेवटच्या रविवारी ते अस्सेच बोलले होते. पुन्हा म्हण, पहिल्यापासून."